सुमनच्या तुकड्याचा आकडा

भूतखेत, करणी, चकवा... यातलं मी काही मानलं नाही, आजही मानत नाही. आमच्या गावात अंगात येणाऱ्या बाया होत्या. घरचं काम टाळायला यांच्या अंगात येतं, असं मी त्यांच्या तोंडावर म्हणायची आणि शिव्या खायची. मसणाच्या वाटेनं एकटी कितीदा आले-गेले, मला कधी काही दिसलं नाही. माझी नातसून हा ग्रुप वाचते आणि मलाही वाचून दाखवते. अर्ध्या गोष्टी ऐकून मी म्हणते, हा माणूस प्यालेला होता. तर ती म्हणाली, आजी, मग तुमची ती कार्डांची गोष्ट लिहा की. मी लिहून दिलं, तिनं मोबाईलवर उतरवलं. माझी शाळा चौथीपर्यंत.

यात भूत नाही, आधीच सांगते. ज्यांना पांढरी साडी आणि पैंजण पाहिजेत त्यांनी पुढं वाचू नये.

गाव पिंपळगाव राजा, तालुका खामगाव. महाराष्ट्र राज्य होऊन दहाएक वर्षं झाली असतील. गावाबाहेर तेव्हा एक फार्म होता, तिथं कपाशीच्या नव्या वाणांची परीक्षा चाले. तो कोणाच्या हाताखाली होता ते लिहीत नाही. माणसं गेली, आता फार्मही राहिला नाही. साहेबांचं नावही मी बदललं आहे. त्यांना देवधर म्हणू.

आम्ही दोघी बहिणी या एकाच गावात दिलेल्या. मी शांता, थोरली. धाकटी सुमन. माहेर देऊळघाटचं. सुमनच्या सासरी जमीन होती, आमच्यापेक्षा बरी, पण तिच्या सासूला वाटे की सुनेनं दोन पैसे आणले तर काय बिघडलं. म्हणून वेचणीच्या दिवसांत सुमन माझ्यासोबत फार्मवर यायची. तिची पोरगी मंदा तेव्हा चालायला लागली होती.

फार्मवरच्या वेचणीची रीत वेगळी होती, ती सांगितल्याशिवाय पुढचं कळणार नाही. एरवी बाया ओळीनं वेचत जातात, ओटी भरली की सगळ्यांचा कापूस एका ढिगात. फार्मवर वावराचे लहान-लहान तुकडे पाडलेले, प्रत्येकावर लोखंडी पाटी आणि इंग्रजी आकडा. इंग्रजी आकडे मी तिथंच शिकले. एक बाई, एक तुकडा. पहिल्या वेच्यापासून शेवटच्या वेच्यापर्यंत तोच. शेजारच्या तुकड्यात हात घालायचा नाही. प्रत्येक तुकड्याचा कापूस वेगळा काट्यावर चढायचा आणि गणपत काटेवाला तो आकडा साहेबांना ओरडून सांगायचा. ते आकडे पुढं हिशोबाच्या मशीनला जात. एकच बी चार जागी पेरलेलं असे, म्हणजे जमिनीचा फरक निघून जातो म्हणे. त्यात एक वाण साहेबांचं लाडकं होतं. ते त्यांनी स्वतः निवडून काढलेलं. साहेब पुण्याकडचे, लग्न झालेलं नव्हतं, तर बाया त्या वाणाला ‘साह्यबाची नवरी’ म्हणत. सुमनच्या तुकड्यात तीच नवरी होती.

आमच्याकडे कापसाच्या पहिल्या वेच्याच्या दिवशी सीतादही करतात. पऱ्हाटीच्या, म्हणजे कपाशीच्या झाडाच्या, बुडाशी खडे मांडायचे, हळदीकुंकू वाहायचं, दहीभात शिंपडायचा आणि मग वेचायला लागायचं. त्या पहिल्या कापसातला मूठभर घरी न्यायचा, देवाजवळ वात लावायला. साहेब म्हणाले, “फार्मवर हे चालणार नाही. प्रयोगातलं एक बोंडही बाहेर जाता कामा नये.”

एक म्हातारी होती आमच्यात, ती म्हणाली, “साह्यब, सीतामाय रुसली त तुमचं मशीन काय करन?”

सगळ्या हसल्या, साहेबही हसले. म्हणाले, “बरं, करा. पण लवकर आटपा.”

सुमनचा तुकडा उगवतीच्या कडेला होता, म्हणून पूजा तिथं झाली. तिनंच केली. मूठभर कापूस तिनं पदराच्या टोकाला बांधला. साहेब धुऱ्यावर, वावराच्या बांधावर, उभे राहून बघत होते. मीही मूठभर नेला, सगळ्यांनीच नेला. पण साहेबांच्या डोळ्यांत राहिली ती सुमन.

आता मशीनबद्दल. ते मशीन मुंबईला होतं, एका मोठ्या संस्थेत. साहेब जलंब स्टेशनातून रेल्वे धरून जायचे. एकदा तिकडून येताना त्यांनी कार्डांचे गठ्ठे आणले आणि आम्हा बायांना दाखवले, कारण आम्ही विचारून-विचारून त्यांना हैराण केलं होतं. जाड कागदाची कार्डं, पोस्टकार्डाहून लांब, एक कोपरा कापलेला, वर बारीक चौकोनी भोकं. रबरानं बांधलेली.

“ही लायब्ररी,” साहेब म्हणाले.

“पुस्तकं कुठं हायेत मंग?” सुमन म्हणाली.

साहेबांनी समजावून सांगितलं. कोणीतरी हुशार माणसानं हिशोब कसा करायचा ते एकदाच या भोकांत लिहून ठेवलं. हा गठ्ठा सरासरीचा. हा गठ्ठा, फरक खरा की नुसता योगायोगाचा, ते सांगणारा. मुंबईला अशा गठ्ठ्यांचं अख्खं कपाट आहे. पाहिजे तो गठ्ठा काढायचा, त्याची नक्कल करून घ्यायची, त्यामागं आपल्या आकड्यांची कार्डं ठेवायची आणि मशीनला द्यायचं. ज्याला ती रीत येत नाही त्याचंही गणित बरोबर येतं.

म्हातारी म्हणाली, “म्हंजे डोकं दुसऱ्याचं अन पगार तुमाले.”

साहेब त्यावरही हसले. माणूस वाईट नव्हता. हे मी आज लिहिते आहे, तेव्हा म्हटलं नसतं.

त्यातला एक गठ्ठा बारीक होता. साहेब म्हणाले, समजा एखाद्या तुकड्यात ढोरं शिरली, पऱ्हाटी खाऊन गेली, तर त्या तुकड्याचा आकडा आपल्याकडे नाही. मग बाकीच्या तुकड्यांवरून हा गठ्ठा काढून देतो, की तो तुकडा शाबूत असता तर किती पिकला असता.

“जे झालंच नाही थे बी सांगते?” सुमननं विचारलं.

“अंदाज सांगतो,” साहेब म्हणाले.

तो शब्द त्यांनी तेव्हा बरोबर वापरला होता. पुढं विसरले.

वेचणी संपली. सगळ्या वेच्यांचा मिळून सुमनच्या तुकड्याचा कापूस भरला नऊ किलो चारशे. त्याच वाणाच्या बाकीच्या तुकड्यांचा त्याहून पुष्कळ जास्त. साहेब सगळे आकडे घेऊन मुंबईला गेले. परत आले ते थेट काट्याच्या शेडमध्ये. आम्ही बाया सरकी उन्हात पसरत होतो, गणपत तिथंच होता. सगळ्यांसमोर साहेब बोलले.

“सुमनबाई, तुमच्या तुकड्याचा कापूस नऊ किलो चारशे भरला.”

“हाव.”

“तो बारा भरायला पाहिजे होता.”

“कोनं सांगतलं?”

“मशीननं.”

सुमन माझ्याकडे बघायला लागली. मग साहेबांना म्हणाली, “पाह्यजे होता म्हंजे? झाडालेच नोता लागला त म्या काय करू?”

साहेबांनी काय केलं होतं, ते मला नंतर कळलं. सुमनचा आकडा त्यांनी बाजूला काढला, तो तुकडा जणू ढोरांनी खाल्ला असं मशीनला सांगितलं आणि विचारलं, किती पिकलं असतं? गठ्ठ्यानं बारा किलो सांगितलं. मग बारातून नऊ किलो चारशे वजा करून जे उरलं, ते सुमननं नेलं.

मी म्हटलं, “साह्यब, मूठभर नेला तिनं, सीतादह्याचा. आमीबी नेला. त्याच्यानं असं अडीच किलोच्या वर घटते का?”

“मुठीनं घटत नाही, तेच म्हणतोय मी,” साहेब म्हणाले. “थोडा कमीजास्तपणा मशीन धरून चालतं, शांताबाई. हा त्याच्याबाहेरचा आहे. मी पोलिसात देत नाही, एवढंच करू शकतो.”

आता उघड बोलते. सुमनचा आकडा खरा धरला, तर साहेबांची नवरी दुसऱ्या वाणाच्या मागं पडत होती. मशीनचा धरला, तर पहिली येत होती. साहेब मुद्दाम खोटं बोलले असं मला वाटत नाही. त्यांना बारा पाहिजे होते, आणि मशीननं बारा दिले. मग त्यांना दुसरं काही दिसलं नाही. कागदावर त्यांनी लिहिलं की या तुकड्याचा आकडा चोरीमुळे गेला, आणि तिथं मशीनचा आकडा भरला.

दिवस मावळायच्या आत गणपतनं गावभर केलं. सुमनच्या सासूनं घर झाडून काढलं. कणग्या, गाठोडी, अंथरुणं, सगळं उपसलं. काही मिळालं नाही. देवाजवळ तेवढा मूठभर कापूस होता, निम्म्याच्या वाती झालेल्या. सासूनं तोच उचलून अंगणात आणला.

“हा काय? हा पाह्य. देवाजोळ लपोला भवानीनं.”

“मामी, थो सीतादह्याचा हाय,” सुमन म्हणाली. “दरसालचा असते.”

“दरसाल आपल्या वावरातला असते. हा सरकारचा हाय.”

सुमनचा नवरा ओट्यावर बसून होता. त्याला बोलता येत होतं, पण तो बोलला नाही. दोन दिवसांत सुमनला देऊळघाटला पाठवून दिलं. मंदाला ठेवून घेतलं. सासू म्हणाली, चोराच्या हाताखाली आमची पोरगी वाढू द्यायची नाही. वर नवऱ्याला दुसरी करून देऊ असंही बोलून झालं.

मी तिला खामगावपर्यंत पोचवायला गेले. बुलढाण्याच्या गाडीला वेळ होता. स्टँडवर बसलो. ती रडत नव्हती. दूध भरून आल्यामुळं तिची चोळी ओली झाली होती, तिनं पदर आडवा धरला होता.

“अक्का, साह्यबाले म्हन, मशीनले पुन्हा इचार. एकडाव चुकलं असन.”

“मशीन चुकत नाई म्हनते थो.”

“त्याले म्हन, पुन्हा इचार,” ती परत तेच म्हणाली. “मशीननं म्हटलं का सुमननं नाई नेला, मंग देतीन मंदाले. मामीनं सोता म्हटलं तसं. मशीन म्हनन त घिऊ म्हने वापस.”

“तू नाई नेला, मले मालूम हाय.”

“तुले असून काय फायदा?”

ते खरं होतं.

त्यानंतर मी रोज साहेबांच्या ऑफिसच्या दारात उभी राहायची. काम करून यायची आणि उभी राहायची. साहेब आधी समजावून सांगत, मग चिडत. म्हणत, “शांताबाई, कार्डं तीच, आकडे तेच. उत्तर वेगळं कसं येईल? हे काय माणूस आहे का, की रात्री विचार करून सकाळी मत बदललं?”

“नोको बदलू द्या. पुन्हा एकडाव बारा येऊ द्या. मंग मी येनार नाई.”

शेवटी त्यांना जायचंच होतं मुंबईला, दुसऱ्या फार्मचे हिशोब घेऊन. जाताना म्हणाले, करून आणतो, पण मग हा विषय बंद.

ते गेले आणि इकडे देऊळघाटहून निरोप आला, सुमनला ताप आहे. मी गेले. दूध आटवायला आईनं काही पाला बांधला होता, त्यानं छाती पिकली की काय, मला माहीत नाही. बुलढाण्याच्या डॉक्टरनं इंजेक्शन दिलं होतं. मी पोचले तेव्हा ती ओळखत होती.

“आला का साह्यब?”

“नाई आला. यीन दोन-चार दिवसात.”

“मंदा जेवते का?”

“जेवते.”

एवढंच बोलणं झालं. नंतर ती बरळत होती, त्याला बोलणं म्हणता येत नाही. दुसऱ्या दिवशी गेली. सासरी माणूस पाठवला. कोणी आलं नाही. त्यांनी सुतकही धरलं नाही. गावात परत आले तेव्हा सुमनची सासू अंगणात डाळ पाखडत बसलेली मी पाहिली.

मी कामावर जायला लागले. साहेब परत आले त्या दिवशी आम्ही पऱ्हाट्या उपटत होतो. साहेब स्वतः वावरात आले. बूट ढेकळांत अडकत होते. दुरूनच म्हणाले, “शांताबाई, सुमनबाईंना बोलावून घ्या. आजच घ्या.”

“थे गेली, साह्यब.”

“कुठं गेली?”

मी वर आभाळाकडे हात केला. मग त्यांना कळलं. ते तिथंच ढेकळावर बसले. जरा वेळानं उठून म्हणाले, ऑफिसात या.

टेबलावर त्यांनी दोन लांब कागद पसरले, मशीनचे छापलेले. एक आधीचा, एक आत्ताचा. सुमनच्या तुकड्याचा पाटीवरचा आकडा मला ओळखू येत होता. त्या ओळीवर बोट ठेवलं. आधीच्या कागदावर बारा किलो. नव्या कागदावर नऊ किलो चारशे.

मी म्हटलं, “तुमी तिचा आकडा टाकला असन आत.”

“नाही टाकला. तेच तर. तिचा आकडा मशीनला सांगितलेलाच नाही. त्या जागेचं कार्ड कोरं आहे.” त्यांनी ते कार्डही दाखवलं. त्याला भोक नव्हतं.

मग त्यांनी सगळं सांगितलं. पहिल्यांदा हा आकडा आला, तेव्हा वाटलं आपला गठ्ठा खराब झाला. मुंबईच्या कपाटातला मूळ गठ्ठा काढून घेतला, नवी नक्कल केली, पुन्हा चालवलं. नऊ चारशे. दोन्ही गठ्ठे उजेडात धरून भोकाला भोक लावून पाहिले. सारखे. आकड्यांची कार्डं नवी पाडली. नऊ चारशे. मग परीक्षा म्हणून दुसऱ्या तुकड्यांचे आकडे एकेक करून काढून पाहिले, माझाही तुकडा काढला. तर तिथं मशीननं अंदाजच दिला, थोडा वर, थोडा खाली, जसा द्यायला पाहिजे तसा. कोणाचाही नेमका आकडा आला नाही. फक्त सुमनचा, ग्रॅमला ग्रॅम.

“तिथल्या लोकायले इचारलं?”

“विचारलं. म्हणाले, आधीच्या वेळी तुमचंच काही चुकलं असेल. पण आधीचं बरोबर आहे, शांताबाई. हे चूक आहे. हिशोबानं बाराच येतात.”

ऑफिसात एक हातानं फिरवायचं हिशोबाचं मशीन होतं, लोखंडी, बाजूला शिलाई मशीनसारखं हँडल आणि वर बारीक खिडकीत आकडे. साहेबांनी माझ्यासमोर तोच हिशोब त्यावर केला. मुंबईच्या गठ्ठ्यात जी रीत होती तीच, फक्त हातानं. खूप वेळ लागला. बारा आले. पुन्हा केला, बारा. घाम पुसून म्हणाले, “मी दमलोय, फेरा चुकेल. मी आकडे लावून देतो, तुम्ही हँडल फिरवा.”

मी फिरवायला लागले. ते सांगत तितके फेरे, मग थांबायचं, ते खुंट्या सरकवत, मग पुन्हा. अवघड काही नव्हतं. शेवटच्या भागात एकच आकडा परत परत मिळवायचा होता, म्हणून नुसतं फिरवत जायचं, खिडकीतला आकडा वर चढत जायचा.

चढता चढता हँडल थांबलं.

“फिरवा,” साहेब म्हणाले.

“फिरत नाई.”

ते उठून आले. त्यांनी लावला जोर. दोन्ही हातांनी लावला. टेबल सरकलं, हँडल हललं नाही. मग त्यांनी खिडकीत पाहिलं, आणि मीही पाहिलं. नऊ, चार, शून्य, शून्य.

गणपतला बोलावलं. त्यानं तेल घातलं, ठोकलं, शिव्या दिल्या. नाही सुटलं. दुसऱ्या दिवशी मात्र तेच हँडल कोणी काही न करता सुरळीत फिरलं, असं त्यानं सांगितलं.

लोखंडाचं मशीन आहे, अडकतं, हे मलाही कळतं. पण माझ्या हाताला काय लागलं ते मला माहीत आहे. चाकाच्या दातऱ्यांत काही अडकलं की एकदम खट्ट बसतं आणि हाताला झटका येतो. हे तसं नव्हतं. जात्यावर दोघी समोरासमोर बसून दळतात, दोघींचे हात एकाच खुंट्यावर. त्यातली एक मनात आलं की हात नुसता धरून ठेवते, ढकलत नाही, ओढत नाही, नुसता धरून ठेवते. दुसरीला लगेच कळतं. तसं लागलं. यापुढं मला यावर काही म्हणायचं नाही.

साहेबांनी दोन्ही कागद गुंडाळले. मी म्हटलं, “चाला.”

“कुठं?”

“तिच्या सासरी. सगळ्यासमोर बोलले होते न, आता तिथं जाऊन बोला.”

आले. नाही म्हणाले नाहीत. सुमनच्या सासूनं साहेब आले म्हणून घोंगडी टाकली. मंदा ओट्यावर मुरमुरे वेचून खात होती. साहेब बसले नाहीत. उभ्यानंच म्हणाले, “सुमनबाईंनी कापूस नेला नव्हता. माझी चूक झाली.”

“कोन म्हनते?” सासूनं विचारलं.

साहेब अडखळले. म्हणाले, “मशीन म्हणतं.”

“मशीन म्हनते?” म्हातारीनं डोक्यावरचा पदर सारखा केला. “मशीन म्हनते त मंग खरंच असन. आधी सांगा लागत होतं न साह्यब. दिवस तरी केले असते आमी तिचे.”

आणि खरंच, त्यानंतर त्यांनी सगळं केलं. ब्राह्मण बोलावला, जेवण घातलं, सुमनचं नाव त्यांच्या पितरांत आलं. मंदाच्या अंगाला कोणी बोट लावलं नाही. मी तिथं पंगतीत बसले नाही.

साहेबांना मी म्हटलं होतं, कागदावरही दुरुस्त करा. ते म्हणाले, कागद वर गेला आहे. आणि लिहू काय? त्याच कार्डांनी दोन उत्तरं दिली म्हणून? मला वेड्यात काढतील. पुढच्या वर्षी त्यांची बदली झाली. ते वाण त्या बारा किलोंच्या जोरावर पास झालं, आमच्या तालुक्यात दोन-तीन हंगाम लोकांनी पेरलं. सुमनच्या तुकड्यात आलं होतं तसंच सगळ्यांच्या वावरात आलं. मग लोकांनी सोडून दिलं.

खुलासा माझ्याकडे नाही. माझा एक भाचा कॉम्प्युटरवर काम करतो. तो म्हणतो, आत्या, आजही तसंच असतं, तयार फाइली असतात, कोणीतरी आधीच लिहून ठेवलेल्या, आम्ही फक्त आकडे देतो. मी त्याला विचारलं, न दिलेला आकडा त्या फाइलीला कसा कळतो? तो म्हणाला, कळू शकत नाही, पहिल्या किंवा दुसऱ्या वेळी कार्डं मागंपुढं झाली असतील. असतील. पण कार्डं मागंपुढं झाली, तर चुकीचा आकडा यायला पाहिजे. सुमनचाच कसा यावा, ते त्यालाही सांगता आलं नाही. साहेबांनी मुंबईला ती कार्डं कोणत्या दिवशी चालवली आणि सुमन कोणत्या दिवशी गेली, हे जुळवून बघा असं नातसून म्हणते. तेव्हा जुळवलं नाही, आणि आता जुळवायला साहेब नाहीत.

मंदा लग्नाची झाली तेव्हा तिच्या कानावर कोणीतरी घातलं की तुझी आई चोरीपायी घरातून काढली होती. ती माझ्याकडे आली. बसली पण नाही, दारातूनच विचारलं, “मावशी, माय चोर होती का?”

“नाई.”

“तुले कसं मालूम?”

मी कार्डांचं सांगायला तोंड उघडलं. मुंबईचं मशीन, दोन कागद, ते हँडल. मग नाही सांगितलं.

“तिनं सांगतलं होतं मले,” मी म्हटलं.